जर्मन 'असेच', इटालियन 'तसेच' हे ठरवलं कुणी? योप लेर्सन वाचलेलं कुणी आहे का इथे

मुक्ता_बाणेर

नमस्कार मंडळी, प्रश्न जरा लांबलचक आहे पण इतिहासाचा अभ्यास असणारे इथे बरेच जण आहेत म्हणून विचारतेय, वेळ काढून नक्की लिहा.

मी हिंजवडीत आयटीत आहे, आमचे क्लायंट जर्मनी आणि नेदरलँड्सचे. नवीन प्रोजेक्ट सुरू व्हायच्या आधी सगळ्या टीमला एक कल्चर ट्रेनिंग असतं. स्लाइडवर देशाचा झेंडा आणि खाली चार-पाच विशेषणं, की झाला तो देश. जर्मन वक्तशीर, नियमाला धरून चालणारे. डच तोंडावर बोलतात, मनाला लावून घेऊ नका. इटालियन भावनाप्रधान, फ्रेंचांना त्यांच्या भाषेचा अभिमान वगैरे वगैरे. सगळे वहीत उतरवून घेतात. मग मध्यंतरी एका कॉलवर तिकडच्या कलीगने स्क्रीन शेअर केली आणि चुकून त्यांच्याकडचं तसलंच प्रेझेंटेशन उघडं राहिलं, त्यावर आपला तिरंगा आणि खाली लिहिलेलं की भारतीय माणूस 'हो' म्हणाला तर ते पक्कं धरू नका, दिलेल्या तारखेत आपल्या मनाने दोन आठवडे मिळवा, साहेबासमोर ते तोंड उघडत नाहीत. तिने लगेच ती विंडो बंद केली पण आमच्याकडे सगळ्यांनी वाचलं होतं. कॅन्टीनमध्ये जो वाद पेटला तो जेवणाची सुट्टी संपली तरी मिटेना, निम्मे म्हणत होते यात खोटं काय आहे, निम्मे भडकलेले.

रानडे इन्स्टिट्यूटला मला जर्मन शिकवणाऱ्या बाईंना हे सांगितलं तर त्यांनी योप लेर्सन हे नाव दिलं. डच इतिहासकार, ॲमस्टरडॅम विद्यापीठात प्राध्यापक होता, २००८ मध्ये त्याला स्पिनोझा पुरस्कार मिळाला, तिकडे संशोधनातला सगळ्यात मोठा मान तो. युरोपात राष्ट्र ही कल्पना कशी रुजली यावरचं त्याचं २००६ चं इंग्रजी पुस्तक वाचतेय, निम्म्याच्या पुढे आलेय.

माझा घोळ असा होतोय. एकीकडे तो म्हणतो की राष्ट्राचा स्वभाव म्हणून जे सांगतात ते लिहून लिहून तयार झालेलं असतं, आणि दुसरीकडे तोच माणूस प्रत्येक देशाबद्दलच्या या समजुती इतक्या बारकाईने गोळा करतो की वाटतं, ज्यात तथ्य नाही त्यात आयुष्य कशाला घालवायचं? आणि देशांचे स्वभाव काढून टाकले तर 'युरोपियन' म्हणून जी ओळख सांगतात ती कशावर उभी राहते? तिसरं म्हणजे हे आपल्याकडे लावता येतं का. 'स्टिरिओटाइप वाईट असतात' एवढंच कृपया लिहू नका, ते मलाही मान्य आहे, ते येतात कुठून आणि टिकतात का हे समजून घ्यायचंय.

शनिवारपेठ_जुना

मुक्ता, प्रश्न नेमका विचारलायस. मी कॉलेजात आधुनिक युरोप शिकवायचो, रिटायर झालो तरी हा विषय काही सुटला नाही माझा.

आधी त्याची पद्धत समजून घे म्हणजे तुझा पहिला घोळ सुटेल. लेर्सन मूळचा तौलनिक साहित्याचा माणूस, आखेनला ह्यूगो डिझरिंक यांच्या हाताखाली शिकला, मग डब्लिनला. इंग्रजांनी आयरिश माणसाचं चित्र कसं रंगवलं आणि आयरिश लोकांनी स्वतःचं कसं रंगवलं, हे त्याचं १९८६ चं पहिलं मोठं काम. या शाखेला इमॅगॉलॉजी म्हणतात. जर्मन माणूस खरंच वक्तशीर आहे का हे तो तपासायला जातच नाही. तो विचारतो हे पहिल्यांदा कुणी लिहिलं, तेव्हा कुणाशी भांडण चालू होतं, वाचणारा कोण होता, आणि पुढच्याने ते कुठून उचललं. कारण लिहिणाऱ्यांपैकी बहुतेकांनी तो देश बघून लिहिलेलंच नसतं, आधीच्याचं पुस्तक बघून लिहिलेलं असतं. म्हणून या समजुती गोळा करायच्या, त्या ज्याच्याबद्दल आहेत त्याच्यापेक्षा ज्याने केल्यात त्याच्याबद्दल जास्त सांगतात.

टॅसिटसचं उदाहरण बघ. इ.स. ९८ मध्ये या रोमन माणसाने जर्मानियावर एक छोटं पुस्तक लिहिलं. तो स्वतः तिकडे गेल्याचा काहीही पुरावा नाही. त्याने लिहिलं की या टोळ्या साध्या, शूर, एकनिष्ठ, त्यांचे विवाह पवित्र, बाहेरच्यांशी मिसळलेले नाहीत, आणि हो, लढाई नसली की आळशी, आणि दिवसरात्र पिऊन भांडणारे. वाचक रोममधला, आणि तिथल्या चैनीवर कोरडे ओढायला त्याला हे रानटी पण सच्चे लोक उपयोगी पडले. पुढे कित्येक शतकं ते पुस्तक कुणाच्या खिजगणतीत नव्हतं. पंधराव्या शतकात हस्तलिखित इटलीत आलं, छापलं गेलं, आणि जर्मन विद्वानांनी ते स्वतःचा जन्मदाखला मिळाल्यासारखं छातीशी धरलं! म्हणजे परक्याने तिसऱ्याच कारणासाठी काढलेलं चित्र यांनी आरसा म्हणून भिंतीवर लावलं. इ.स. ९ मध्ये रोमन सैन्याचा फडशा पाडणारा जर्मन टोळीचा सरदार आर्मिनियस, त्याचा 'हेर्मान' झाला, १८७५ मध्ये डेटमोल्डजवळ त्याचा प्रचंड पुतळा उभा राहिला, तलवार उंचावून पश्चिमेकडे तोंड करून, आणि १८७५ मध्ये पश्चिमेला कोण होतं हे सांगायला नको, फ्रान्सला हरवून चारच वर्षं झाली होती. १९४३ मध्ये तर नाझी नेता हिमलरच्या एसएस दलाची तुकडी इटलीतल्या एका घराण्याच्या वाड्यात शिरून त्या हस्तलिखितासाठी शोधाशोध करत होती, सापडलं नाही त्यांना. एवढा जीव एका पुस्तकात अडकलेला.

तुझी ट्रेनिंगची स्लाइड वाचून मला लगेच आठवलं ते व्हिएन्नाच्या लोकसंस्कृती संग्रहालयातलं एक चित्र. अठराव्या शतकाच्या सुरुवातीचं, ऑस्ट्रियातल्या स्टायरिया भागातलं. वर एका ओळीत दहा राष्ट्रांची दहा माणसं आपापल्या पोशाखात उभी, डावीकडे स्पॅनिश, उजव्या टोकाला पगडीवाला तुर्क, आणि खाली चक्क तक्ता, आडव्या ओळींत स्वभाव, बुद्धी, विद्या, कपडे, आवडता छंद, कुठल्या जनावरासारखा, मरतो कसा. वेळ घालवायला स्पॅनिश खेळतो, इटालियन गप्पा मारतो, जर्मन पितो, इंग्रज काम करतो, पोलिश भांडतो, रशियन झोपतो. मरण फ्रेंचाला युद्धात, इटालियनाला मठात, जर्मनाला दारूत, इंग्रजाला पाण्यात, रशियनाला बर्फात. जर्मनासमोरची दारू टॅसिटसपासून चालत आलीये बघ. आणि रंगवणारे जर्मन बोलणारे, म्हणून युद्धातल्या गुणांच्या ओळीत जर्मनासमोर लिहिलंय 'अजिंक्य'. तीनशे वर्षांनी तुमच्याकडे तोच तक्ता प्रोजेक्टरवर लागतो.

स्टुटगार्ट_रिटर्न

सर, माहिती फार छान पण मला पूर्ण पटत नाही आणि मी इथे मुद्दाम विरोधी बाजू मांडतोय कारण ही इतिहासवाली मंडळी जमिनीवरचा फरक उडवूनच लावतात. मी बरीच वर्षं तिकडे एका ऑटोमोबाइल कंपनीत डिझाइनला होतो. फरक असतो हो. तिकडे मीटिंग नऊला म्हणजे नऊला दार बंद, आणि चूक झाली तर सगळ्यांसमोर 'हे चुकीचं आहे' असं सरळ म्हणतात, नंतर दुपारी तोच माणूस तुमच्याबरोबर कॉफी प्यायला येतो, त्याच्या मनात काही नसतं. आपल्याकडे नवीन पोरगा पहिल्यांदा जातो तेव्हा असं कुणी बोललं की रात्रभर झोपत नाही. त्याला आधी सांगून ठेवलं तर काय बिघडलं? गेर्ट हॉफस्टेड, तोही डचच, त्याने आयबीएमच्या वेगवेगळ्या देशांतल्या कर्मचाऱ्यांच्या लाखभर प्रश्नावल्या घेऊन १९८० मध्ये पुस्तक काढलं, त्यात आकड्यांसकट दाखवलंय की वरिष्ठाला किती घाबरायचं, नियम किती हवेत यात देशादेशांत फरक आहे. आता हे सगळं टॅसिटसने लिहिलं म्हणून का?

प्रभातरोड_सायकॉलॉजी

@स्टुटगार्ट_रिटर्न तुमच्या अनुभवाबद्दल वाद नाही, पण तुम्ही दोन गोष्टी एकत्र करताय. ऑफिसच्या रीती वेगळ्या असतात हे खरं, आणि त्या सांगाव्यातच. 'मीटिंगमध्ये इथे चूक तोंडावर सांगतात' ही माहिती आहे, ती वापरता येते, उद्या रीत बदलली तर माहितीही बदलते. 'जर्मन माणूसच असा असतो' हा माणसाच्या आतल्या स्वभावाबद्दलचा दावा आहे, आणि तो मोजून बघितलेला आहे.

२००५ मध्ये सायन्स या नियतकालिकात टेराचियानो आणि बऱ्याच देशांतल्या सहकाऱ्यांचा पेपर आला होता, मी तो दरवर्षी वर्गात घेते. ४९ समाजांतल्या लोकांना विचारलं, तुमच्या देशाचा टिपिकल माणूस कसा असतो. मग त्याच समाजांत प्रत्यक्ष माणसांच्या व्यक्तिमत्त्वाच्या चाचण्या घेतलेल्या होत्या, त्यांच्या सरासरीशी ते ताडून पाहिलं. मेळच नाही! कॅनेडियन स्वतःला फार सौम्य समजतात, अमेरिकन स्वतःच्या टिपिकल माणसाला भांडखोर समजतात, आणि चाचण्यांमध्ये दोघांचे स्कोअर जवळपास सारखे. लक्षात घ्या, हे परक्यांनी केलेलं वर्णन नाही, लोकांनी स्वतःच्याच देशाबद्दल सांगितलेलं आहे, म्हणजे 'आम्हाला आमचे लोक माहितीयेत' हा आधारही जातो. मुक्ता, कॅन्टीनमध्ये जे म्हणाले 'यात खोटं काय आहे' त्यांना हा पेपर दे.

हॉफस्टेडबद्दल एवढंच की सगळा डेटा एका कंपनीच्या नोकरदारांचा, आणि तो १९७० च्या आसपासचा. त्यावरून आख्ख्या देशाच्या मनाबद्दल बोलता येतं का यावर त्याच्याच क्षेत्रात जोरदार टीका झालेली आहे.

स्टुटगार्ट_रिटर्न

पेपर शोधून वाचतो. रीत आणि स्वभाव हा फरक मान्य आहे, पण ट्रेनिंग बंद करा असं मी तरी म्हणणार नाही, स्लाइडवरचे शब्द बदलावेत फार तर.

शनिवारपेठ_जुना

शब्द बदलावेत हे बरोबर, आणि का बदलावेत ते इतिहासात फार स्पष्ट दिसतं, कारण ही विशेषणं स्वतःच शंभर-दीडशे वर्षांत उलटीपालटी होतात आणि दर वेळी लोकांना वाटतं की हे असंच होतं पहिल्यापासून.

इंग्रज घ्या. आज आपल्या डोक्यात इंग्रज म्हणजे थंड, संयमी, परंपरा जपणारा. पण १६४९ मध्ये त्यांनी स्वतःच्या राजाचं मुंडकं उडवलं, १६८८ मध्ये दुसऱ्याला पळवून लावलं, आणि नंतर बराच काळ फ्रान्समध्ये बसून बघणाऱ्याला इंग्रज म्हणजे भडक, बंडखोर, कधी काय करतील नेम नाही असले लोक वाटत. मग १७९३ मध्ये फ्रेंचांनी त्यांचा राजा गिलोटिनखाली घातला आणि पाटी फिरली, बेभरवशाचे ते फ्रेंच आणि स्थिर ते इंग्रज.

जर्मन तर याहून स्पष्ट. मादाम द स्ताएल या बाईंनी १८१० मध्ये जर्मनीवर पुस्तक लिहिलं, कवी आणि तत्त्वज्ञांचा, स्वप्नाळू, व्यवहारात जरा ढिल्या लोकांचा देश. नेपोलियनला त्यात फ्रान्सवरची टीका दिसली, दिसणारच, त्यासाठीच लिहिलं होतं, त्याने छापलेल्या प्रती नष्ट करायला लावल्या, शेवटी १८१३ मध्ये लंडनला ते बाहेर आलं. फ्रान्समध्ये बरीच दशकं जर्मनीचं हेच चित्र होतं. १८७०-७१ च्या युद्धात प्रशिया या बलाढ्य जर्मन राज्याचं सैन्य पॅरिसच्या वेशीवर येऊन बसलं आणि स्वप्नाळू जर्मन गायब, त्याच्या जागी शिस्तीचं, हुकमाचं, यंत्रासारखं चालणारं राष्ट्र. माणसं तीच होती. तुमच्या स्लाइडवरचा वक्तशीर जर्मन त्या नंतरच्या चित्रातला आहे. आणि आताचं म्हणाल तर २०२४ मध्ये जर्मनीच्या लांब पल्ल्याच्या गाड्यांपैकी ६२ टक्क्यांच्या आसपासच वेळेवर पोचल्या, तरी आपल्याकडे 'जर्मन रेल्वेसारखं' असं कौतुकाने म्हणणं काही थांबत नाही.

लेर्सनने यात एक साचा दाखवलाय तो मला फार महत्त्वाचा वाटतो. देश बलाढ्य असला की त्याची भीती वाटते आणि प्रतिमा काळी होते. दुबळा झाला की तोच देश गोड वाटायला लागतो. सोळाव्या शतकातला स्पेन म्हणजे इन्क्विझिशन (धर्मद्रोह्यांना शोधून शिक्षा करणारी चर्चची न्यायालयं), क्रौर्य, सोन्याची हाव. साम्राज्य गेलं, आणि एकोणिसाव्या शतकात त्याच स्पेनमध्ये सगळ्या युरोपला गिटार, जिप्सी आणि रोमान्स दिसायला लागला. आणखी एक, जो भाग केंद्रापासून लांब तो कायम 'जुना, भोळा, काळ थांबलेला'. लंडनहून आयर्लंड तसं, पॅरिसहून ब्रिटनी तसं. पुण्या-मुंबईहून कोकणाकडे बघणारी आपली नजर तपासून बघा एकदा, तिथला माणूस साधाभोळा म्हणायचं आणि तिथल्या जमिनीचा निर्णय इथे बसून घ्यायचा.

मुक्ता_बाणेर

सर, प्रभातरोड, स्टुटगार्ट, तिघांचेही मनापासून आभार, प्रिंट काढून ठेवतेय हे सगळं. एक त्या पुस्तकात आहे ते मला आता कळलं. तो म्हणतो या प्रतिमा नेहमी जोडीने येतात, फ्रेंच म्हणजे कोरडे तर्कवादी पण आणि भडक प्रेमवीर पण, आणि शेवटी कुणीतरी 'हा विरोधाभासांचा देश आहे' म्हणून मोकळं होतं. भारताबद्दल तर प्रत्येक दुसरा प्रवासी लेखक हेच लिहितो! म्हणजे कुठलाही पुरावा समोर आला तरी जोडीतलं एक टोक लागू पडतंच, म्हणून ते कधी खोटं ठरत नाही. याला तो इमेजीम म्हणतो.

पण युरोपियन ओळखीचं राहिलं. ते कुणी सांगेल का?

कर्वेनगर_अनुवाद

मी जर्मन-मराठी भाषांतराची कामं करते त्यामुळे तिकडची वर्तमानपत्रं रोज वाचावी लागतात, मी प्रयत्न करते.

सरांनी सांगितलेल्या व्हिएन्नाच्या तक्त्यातला शेवटचा रकाना कुणाचा आहे माहितीये? 'तुर्क किंवा ग्रीक'. दोघांना मिळून एकच माणूस, एकच रकाना. तेव्हा ग्रीस ओटोमन म्हणजे तुर्की राज्यात होतं, आणि स्टायरियातल्या माणसाला ग्रीक आणि तुर्क वेगळे काढायची गरजच वाटली नाही. त्या रकान्यात मरणाच्या ओळीत लिहिलंय 'फसवणुकीत'. मग १८२१ मध्ये ग्रीकांनी ओटोमनांविरुद्ध उठाव केला आणि सगळ्या युरोपातून तरुण तिकडे लढायला धावले, इंग्रज कवी बायरन १८२४ मध्ये मिसोलाँगीला तापाने गेला, कारण एव्हाना शाळाशाळांत होमर आणि प्लेटो शिकून सगळ्यांना वाटायला लागलं होतं की ग्रीस म्हणजे आपलं मूळ. शंभर वर्षांत रकान्याच्या शेवटच्या टोकावरून थेट पाळण्याच्या जागी.

आणि २०१० मध्ये ग्रीसवर कर्जाचं संकट आलं. त्या फेब्रुवारीत एका मोठ्या जर्मन साप्ताहिकाने मुखपृष्ठावर व्हीनस द मिलो हा प्राचीन ग्रीक पुतळा मधलं बोट दाखवताना छापला आणि मथळा होता 'युरो कुटुंबातले फसवणारे'. तीनशे वर्षांपूर्वीच्या तक्त्यातलाच आरोप! अथेन्सच्या मोर्च्यांत मग जर्मनीच्या तेव्हाच्या चॅन्सलर मेर्केलबाईंची नाझी गणवेशातली पोस्टर निघाली, म्हणजे तिकडूनही जर्मनांचं जुनं चित्र कपाटातून बाहेर. २०११ मध्ये मेर्केलबाई एका सभेत म्हणाल्या की दक्षिणेतल्या देशांनी जास्त सुट्ट्या घ्यायच्या आणि लवकर रिटायर व्हायचं असं चालणार नाही. ओईसीडी या विकसित देशांच्या संघटनेचे तेव्हाचे आकडे काढून बघा, ग्रीसमधला काम करणारा माणूस वर्षाला दोन हजार तासांच्या आसपास काम करायचा, जर्मनीतला चौदाशेच्या आसपास. जर्मनीत अर्धवेळ काम करणारे खूप आहेत म्हणून हा फरक एवढा दिसतो हे खरं, पण 'आळशी ग्रीक' कुठल्याही हिशोबाने निघत नाही. २०१७ मध्ये युरो देशांच्या अर्थमंत्र्यांचा अध्यक्ष असलेला डच मंत्री डायसेलब्लूम एका जर्मन वर्तमानपत्राला म्हणाला की सगळा पैसा दारू आणि बायकांवर उडवून वर मदत मागायची हे चालत नाही, त्यावर पोर्तुगाल-स्पेनमध्ये केवढा गदारोळ झाला. उत्तरेचा थंड कष्टाळू आणि दक्षिणेचा ऐषआरामी, हे फ्रेंच विचारवंत मोंतेस्क्यूने १७४८ मध्ये हवामानावरून सिद्ध करायचा प्रयत्न केला होता, मेंढीची जीभ गोठवून तिच्यावरचे बारीक उंचवटे आखडतात का ते पाहिलं, आणि निष्कर्ष काढला की थंडीत संवेदना कमी म्हणून उत्तरेकडचे लोक कणखर. त्याच वर्षी स्कॉटिश तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूमने उलट लिहिलं, की हवामानाचा संबंध नाही, राज्यव्यवस्था आणि एकमेकांचं अनुकरण यातून लोक सारखे होतात, अथेन्स आणि थीब्स शेजारी शेजारी असून किती वेगळे. पण नंतर त्याच निबंधात त्याने काळ्या लोकांबद्दल जी तळटीप घातली ती वाचून अंगावर काटा येतो. युरोपातल्या युरोपात जो इतका सावध, तो युरोपच्या बाहेर बघताना सावधपणा सोडून देतो.

आता युरोपियन ओळख. युरोच्या नोटा बघितल्यात का नीट? एकीकडे खिडक्या-दारं, मागे पूल. २००२ मध्ये नोटा आल्या तेव्हा त्यातला एकही पूल कुठल्या देशातला नव्हता, मुद्दाम वेगवेगळ्या शैलींतले काल्पनिक पूल काढले, रोमन, गॉथिक, बरोक, कारण कुठलाही खरा पूल घेतला की बाकीचे देश रुसणार. नंतर नेदरलँड्समधल्या स्पाइकेनिसे गावाने ते पूल खरंच बांधले, रंगीत काँक्रीटचे, नोटेवर आहेत तसेच. याच्या बरोबर उलट २००९ मध्ये, चेक लोकांकडे युरोपियन युनियनचं अध्यक्षपद असताना ब्रुसेल्समधल्या युनियनच्या इमारतीत चेक शिल्पकार डाविड चेर्नीने 'एन्ट्रोपा' नावाची एक प्रचंड कलाकृती लावली, प्रत्येक देश त्याच्या स्टिरिओटाइपने दाखवलेला, बल्गेरिया म्हणजे भारतीय पद्धतीचे संडास. बल्गेरियाने इतका निषेध केला की तो भाग काळ्या कापडाने झाकावा लागला. कुणाचंच नाही असं चित्र काढलं की ते कुणालाही आपलं वाटत नाही आणि प्रत्येकाचं काढायला गेलं की हे असं होतं. माझं मत विचाराल तर युरोपियन माणसाचा स्वभाव म्हणून काही सापडणार नाही, पण तीनशे वर्षं एकमेकांकडे बघून, एकमेकांची पुस्तकं वाचून, भाषांतरं करून, चिडून, उत्तरं देऊन जे जाळं तयार झालंय ते युरोपभर आहे. १८५९ मध्ये जर्मनांनी शिलरची शताब्दी केली आणि स्कॉट लोकांनी त्याच वर्षी बर्न्सची, आपलाच कवी आणि आपलंच राष्ट्र म्हणत, पण उत्सवाची पद्धत अगदी एकच, मिरवणूक, मेजवानी, भाषणं, पुतळा. लेर्सनने युरोपभरच्या अशा गोष्टींचा दोन खंडांचा कोशच संपादित केलाय.

हावडा_ते_हडपसर

हा धागा वाचून राहवलं नाही. आमचं घराणं मराठी, पण वडिलांच्या नोकरीमुळे माझं लहानपण हावड्यात गेलं. शेजारच्या आजी नातवाला झोपवताना जी अंगाई म्हणायच्या त्यात मुलांना घाबरवायला जो येतो तो बर्गी, म्हणजे मराठा घोडेस्वार. घरी आई शिवरायांच्या गोष्टी सांगायची, आणि भिंतीपलीकडे मराठा म्हणजे गाव जाळणारा. लहानपणी मी हे दोन्ही डोक्यात वेगवेगळ्या खणांत ठेवले होते, जोडायचे कधी सुचलं नाही.

मोठेपणी वाचलं. नागपूरकर रघूजी भोसल्यांच्या फौजा भास्करराम कोल्हटकरांबरोबर १७४२ मध्ये बंगालात शिरल्या आणि १७५१ च्या तहापर्यंत स्वाऱ्या चालू होत्या. कलकत्त्याभोवती तेव्हा खणलेल्या खंदकाला मराठा डिच म्हणायचे. गंगाराम नावाच्या कवीचं त्याच काळातलं 'महाराष्ट्र पुराण' आहे बंगालीत, इंग्रजी भाषांतर मिळतं. सुरुवातीला शिव पापी लोकांना शिक्षा म्हणून मराठ्यांना पाठवतो, मग ते हात-नाक-कान कापतात, गावं पेटवतात, बायकांवर अत्याचार करतात, आणि शेवटी देवीच भास्कररामावर उलटते.

आता पुढचं बघा. १९०४ मध्ये रवींद्रनाथांनी शिवाजी उत्सवावर कविता लिहिली, शिवाजी महाराज सगळ्या भारताला एक करू पाहणारे. बंगालात तो उत्सव सुरू करण्यात सखाराम गणेश देऊस्करांचा मोठा हात, मराठी वंशाचे पण लिहिणं सगळं बंगालीत, आणि १९०६ मध्ये कलकत्त्याच्या उत्सवाला स्वतः टिळक गेले होते. म्हणजे अंगाईतला बर्गी तसाच राहिला आणि त्याच्याच शेजारी हा नवा मराठा उभा राहिला, कारण आता समोर इंग्रज होता. मुक्ताने सांगितलेली ती जोडी, ती ही.

सर, मला विचारायचंय की पुण्यातल्या इतिहासकारांनी या बंगालच्या बाजूकडे कसं पाहिलं?

शनिवारपेठ_जुना

फार चांगलं लिहिलंस, आणि यावर इथे मोकळेपणाने बोललं जात नाही याचं मला वाईट वाटतं.

आपला मराठी इतिहास लिहायची सुरुवातच मुळी उत्तर देण्यातून झाली. साताऱ्याचा रेसिडेंट ग्रँट डफ, त्याने १८२६ मध्ये मराठ्यांचा इतिहास काढला आणि मराठ्यांचा उदय सह्याद्रीच्या जंगलात वाळलेल्या गवताला लागलेल्या वणव्यासारखा, म्हणजे अपघाताने झालेला, असं चित्र रंगवलं. न्यायमूर्ती रानड्यांनी १९०० च्या ग्रंथात नेमकं तेच वाक्य धरून सांगितलं की हा वणवा नव्हे, संतांपासून तयार होत आलेली राष्ट्राची जागृती आहे. राजवाडे १८९८ पासून साधनांचे खंड छापायला लागले, १९१० मध्ये भारत इतिहास संशोधक मंडळ उभं राहिलं, वाड्यावाड्यांतून दप्तरं गोळा झाली. हे काम केवढं मोठं आहे हे मी जन्मभर सांगत आलोय आणि आजही सांगेन. पण समोर डफ होता, कलकत्त्याची ती आजी नव्हती. लुटारू म्हणणाऱ्या साहेबाला उत्तर देताना स्वतःचं जे चित्र तयार झालं त्यात बंगालातल्या शेतकऱ्याला काय दिसलं याला जागा फार थोडी राहिली, स्वाऱ्यांचं वर्णन आलं ते चौथाईच्या हक्काच्या आणि राजकारणाच्या भाषेत. जर्मनांनी फ्रेंचांना, आयरिशांनी इंग्रजांना उत्तर देताना हेच केलं.

म्हणून मी तुला आणि मुक्ताला दोघींना सुचवतो, रानड्यांचं पहिलं प्रकरण आणि गंगारामचं काव्य लागोपाठ वाचा, मध्ये दुसरं काही वाचू नका, आणि कुठे अडलं ते इथेच लिहा. मी उत्तर देईन.